रऊफ, तो सूर चढला होता

रऊफ,

तुझ्या जनाज्याच्या नमाजात मी एकटाच वाकलो. मी खरं तर बाजूला लिंबाखाली उभा राहणार होतो, पण तुझ्या मेहुण्यानं दंडाला धरून शेवटच्या रांगेत घेतलं. पुढून "अल्लाहु अकबर" ऐकू आलं आणि मी आपला गुडघ्यांवर हात ठेवून कमरेत वाकलो. तुला नमाज पढताना अनेकदा बघितलेलं, तेवढंच माझं ज्ञान. डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहतो तर आजूबाजूला सगळे पाय ताठ. माझी कंबर तुला माहीत आहे, खाली लवकर जाते, वर यायला वेळ घेते. नमाज संपल्यावर शेजारचे पांढऱ्या दाढीचे चाचा हळूच म्हणाले, "मास्टर, इसमें झुकते नै. सिर्फ खडे रहते." तू असतास तर ही गोष्ट नांदेडच्या इतवाऱ्यात वर्षभर सांगत फिरला असतास. पण तू पुढं होतास, हिरव्या चादरीखाली.

पेपरात तुझ्यावर चार ओळी आल्या आहेत. मराठवाड्याचा सुपुत्र, अरबी चित्रपटांना संगीत देऊन सातासमुद्रापार नाव केलं, वगैरे. उदगीरहून कैरोला जाताना किती समुद्र लागतात ते मी शाळेतल्या नकाशात पाहिलं. फार ओढूनताणून दोन होतात. फोटोही तुझा पासपोर्टावरचा दिला आहे, त्यात तू कुणाच्या तरी दुकानात चोरी करून पकडला गेल्यासारखा दिसतोस.

मला त्यातलं काही लिहायचं नाही. एकच सांगायचं आहे, जे तुझ्या तोंडावर सांगायला हवं होतं. तुझ्या शेवटच्या चित्रपटातला तो सूर चढला होता. तुझा शागीर्द यासीन म्हणत होता तेच बरोबर होतं. आणि मला ते त्याच दिवशी, त्याच खोलीत कळलं होतं.

आता तू विचारशील, मग बोलला कामून नाहीस. त्यासाठी मला उदगीरपासून सुरुवात करावी लागेल. तुला सगळं माहीत आहे, पण मास्तर लोकांना मागचा धडा घेतल्याशिवाय पुढं जाता येत नाही.

तुझ्या अब्बांचं पेटी दुरुस्तीचं दुकान म्हणजे दोन फळकुटं, चामड्याचे तुकडे, सरसाची वाटी आणि एक बारीक कानस. पंचक्रोशीतल्या भजनी मंडळांच्या पेट्या चादरीत बांधून तिथं यायच्या आणि अब्बा त्यांच्याकडं आजारी लेकरांसारखं बघायचे. आमच्या गावची पेटी सप्त्याच्या आधी आली तेव्हा ती आणायला मला पाठवलं होतं. अब्बा जेवायला गेले होते. तू पेटी उघडून म्हणालास, पट्ट्यांचा बोर्ड धर. मी धरला. तू गंधाराची पितळी पट्टी मुळाशी कानशीनं घासलीस, वाजवून पाहिलीस, पुन्हा घासलीस. अब्बांच्या रेडिओवर संध्याकाळी कुठलंतरी अरबी स्टेशन लागायचं, त्यातला गाणारा एका सुरावर येऊन थांबायचा आणि तो सूर अब्बांच्या दुकानातल्या एकाही पेटीत नव्हता. कोमल गंधाराच्या वर, शुद्ध गंधाराच्या खाली. तो तुला पाहिजे होता. तेवढ्यात अब्बा आले, तू झाकण लावलंस आणि मी पेटी घेऊन गावाला गेलो.

सप्त्याच्या पहिल्याच दिवशी आमच्या देवळात जे झालं ते गाव अजून विसरलं नाही. पेटी उघडली, अभंग सुरू झाला आणि दर दुसऱ्या ओळीला पेटी तोंड वाकडं करायला लागली. टाळकरी एकमेकांकडं बघू लागले. आमचे विणेकरी मारुतीआबा बराच वेळ सहन करून म्हणाले, "पेटीला वारं गेलं." दुसऱ्या दिवशी चार माणसं पेटीसकट अब्बांच्या दुकानात. अब्बा शपथेवर सांगत होते की मी हात लावला नाही. मग मीच सगळ्यांसमोर सांगितलं, रऊफनं घासली, मी डोळ्यांनी बघितलं. बोर्ड कुणी धरला होता तेवढं मात्र माझ्या तोंडातून आलं नाही, आणि तूही सांगितलं नाहीस. अब्बांनी तुझ्या कानाखाली एकच ठेवून दिली आणि नवी पट्टी बसवली.

मला वाटलं, आता हा आपल्याशी बोलणार नाही. दोन दिवसांनी उदगीर स्टेशनच्या बाकावर तू मला बोलावून सांगितलंस, "तू मुँहदेखी नै करता. अब मैं जो भी बजाऊंगा, पहले तू सुनना." मी तुझा पहिला श्रोता झालो तो असा, चुगली केल्यामुळं.

निवड किती चुकीची होती ते तुला माझ्या शाळेत कुणीही सांगितलं असतं. राष्ट्रगीताच्या वेळी मुख्याध्यापक मला नुसते ओठ हलवायला सांगतात. पण तू ऐकलं नाहीस. रेडिओ दुरुस्तीच्या कामावर कुवेतला गेलास, तिथं वाद्यांच्या दुकानात लागलास, कैरोच्या एका बुजुर्ग संगीतकाराचा ऊद, ते तिकडचं तंतुवाद्य, दुरुस्त करता करता त्याच्याच मागं कैरोला गेलास, त्याची वाद्यं लावायला लागलास, आणि एक दिवस त्याच्या आजारपणात चित्रपटाचं उरलेलं संगीत तूच करून टाकलंस. यातल्या प्रत्येक टप्प्यावर एकेक कॅसेट माझ्याकडं यायची. मी ऐकायचो आणि प्रामाणिकपणे कळवायचो. पहिल्या कॅसेटवर मी लिहिलं होतं, गाणाऱ्याच्या पोटात दुखत होतं का. दुसरीवर, पेटी पुन्हा घासलीस वाटतं.

तू चिडायचा नाहीस. पानंच्या पानं लिहून समजावायचास की हा सूर बरोब्बर मध्येही नसतो, मध्यापासून किंचित खाली असतो. किती खाली ते प्रत्येक मकामात, म्हणजे तिकडच्या रागात, वेगळं, कैरोत वेगळं, बगदादेत वेगळं, आणि शेवटी ज्याच्या त्याच्या हाताचं वेगळं. मी उत्तर द्यायचो की सूर एकतर इकडं असतो नाहीतर तिकडं, दोन शेतांच्या मध्ये असतो तो बांध, आणि बांधावरून फक्त भांडणं होतात. तू लिहिलंस, "गवत बांधावरच चांगलं येतं, दिग्या. तुझ्या म्हशीला विचार." हे भांडण आपण तीस वर्षं चालवलं. पत्रांवरून फोनवर आलो, फोनवरून मोबाईलवर, भांडण तेच. त्या तीस वर्षांत मी तुझ्या एकाही गाण्याला एकदाही छान म्हणालो नाही. तुझं तिकडं नाव झालं, लोक उस्ताद म्हणायला लागले, तरी नाही. मला वाटायचं, हीच आपली दोस्ती आहे. बाकी छान म्हणायला तिकडं माणसं आहेतच की.

एकदा तू पाठवलेला चित्रपट मी आणि सुमननं घरी पाहिला. भाषा कळत नव्हती, खाली अक्षरंही नव्हती. एक बाई घर सोडून जाण्याआधी एकेक खिडकी लावत जाते आणि मागं तुझं संगीत. सुमन पदराला डोळे पुसायला लागली. मी विचारलं, काय झालं, तुला कळलं का काही? ती म्हणाली, "अहो, तो सूर बघा ना. बसतच नाही कुठं." मी तुला हे कधी कळवलं नाही. कळवलं असतं तर तू जिंकला असतास.

तू कैरो सोडून नांदेडला राहायला आलास तेव्हा लोकांना वाटलं, आईसाठी आला, भाभीला इथलं घर पाहिजे म्हणून आला. इतवाऱ्यातल्या घराच्या वरच्या खोलीत तू वाद्यं मांडलीस, संगणक मांडला. इथं चाली बांधायच्या, तिकडं पाठवायच्या, आणि कैरोत यासीननं वादकांकडून वाजवून घ्यायच्या. यासीन तुझा शागीर्द. त्याला ऊद धरायला तू शिकवलंस, आणि तू म्हणायचास की माझ्या पोटच्या पोरांपेक्षा त्याला माझा हात जास्त कळतो. कामं चालूच होती. खरं कारण फक्त मला माहीत होतं, तेही लातूरच्या त्या दिवसापासून.

नांदेडात कुणी बघू नये म्हणून कानाच्या डॉक्टरसाठी तू मला लातूरला घेऊन गेलास. काचेच्या खोलीत तुला बसवलं, आवाज आला की बटन दाबा म्हणाले. मी बाहेरून बघत होतो. तू डोळे मिटून, मान हलवत, मोठ्या ऐटीत बटन दाबत होतास. नंतर डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "हे अंदाजानं बटन का दाबत होते?" मग त्यांनी समजावलं, की नुसतं कमी ऐकू येतं असं नाही, एकच आवाज एका कानाला एका उंचीवर लागतो आणि दुसऱ्याला खाली. मशीन लावून मोठं ऐकू येईल, सरळ ऐकू येईल याची खात्री नाही. काम काय करतात, त्यांनी विचारलं. मी म्हणालो, दुकान आहे.

येताना अहमदपूरला आपण चहाला थांबलो. तू बशीत चहा ओतलास आणि निवायला ठेवलास. मग म्हणालास की वयानं कमी ऐकू येतं एवढं घरात खपेल, पण सूर वाकडे लागतात हे कैरोला कळलं तर उद्यापासून एक माणूस काम देणार नाही. मला शपथ घातलीस: भाभीला सांगायचं नाही, पोराला, रिझवानला नाही, यासीनला तर बिलकुल नाही. बाकीचे सूर यंत्रात बांधलेले असतात, त्यांची भीती नाही. तो एकच सूर हातानं बसवावा लागतो. मी म्हणालो, मोबाईलवर काटा दाखवणारं काहीतरी असतं म्हणे. तू नुसता हसलास. काटा मध्य दाखवतो रे, माझा सूर नाही दाखवत.

"अब से मेरा कान तू."

मी मोठ्यानं हसलो. तू हसला नाहीस.

आणि आता तो दिवस. बसचालकाचा चित्रपट. एक म्हातारा शेवटची फेरी मारून गाडीची चावी साहेबाच्या टेबलावर ठेवतो, एवढाच प्रसंग. तू म्हणाला होतास, उदगीर डेपो डोळ्यांसमोर ठेवून केलंय. दुपार होती. आवाज नको म्हणून तू पंखा बंद केला होतास आणि दोघंही घामानं निथळत होतो. तू माझ्या डोक्यावर ती मोठी कानटोपी, म्हणजे तुझा हेडफोन, चढवलीस आणि समोर बसून माझ्या तोंडाकडं बघत राहिलास.

मी नाव ठेवायच्या तयारीनंच बसलो होतो. ऊद सुरू झाला, चाल वर आली, त्या सुरापाशी पोचली, आणि मला गोड वाटलं. आमचं गावचं देऊळ डोळ्यांपुढं आलं, मारुतीआबा आले, मला अगदी घरी आल्यासारखं झालं. तीस वर्षांत पहिल्यांदा तुझं गाणं मला कुठंच खुपलं नाही. मी कानटोपी काढली आणि म्हणालो, रऊफ, छान झालंय रे.

तुला ऐकू आलं नाही. तू हात कानाला लावलास. मी मोठ्यानं म्हणालो, तरी नाही. मग मी जीव खाऊन ओरडलो, "छान झालंय!" खालून भाभींनी घाबरून विचारलं, क्या हुआ जी? तू जिन्याशी जाऊन त्यांना सांगितलंस, "कुछ नै, दिग्या तारीफ कर रा." आणि तू परत फिरलास तेव्हाचं तुझं तोंड. रऊफ, तू उस्ताद झालास तेव्हाचे फोटो मी पाहिलेत, हातात मोठमोठ्या काचेच्या ढाली घेतलेले. त्यातल्या एकातही तू तसा दिसत नाहीस.

मग खुर्चीत बसून तू मोबाईल काढलास. कच्ची चाल तू आदल्या रात्रीच पाठवली होतीस, तिच्यावर यासीनचा निरोप आला होता सकाळी. तू वाचून दाखवलंस: उस्ताद, तो एक सूर यावेळी वर गेल्यासारखा वाटतो, माझीच चूक असेल, पण उतरवून पाहू का?

त्या क्षणाला मला कळलं. आमचं देऊळ का आठवलं ते कळलं. तो सूर आमच्या पेटीतला होता. तुझा कान त्याला खाली ऐकत होता म्हणून तू त्याला चढवत, चढवत, शुद्ध गंधारापर्यंत नेऊन ठेवला होतास. जन्मभर ज्या सुराला मी नावं ठेवली तो नावं ठेवता ठेवता माझ्या कानात बसून गेला होता. कुठं खुपायला पाहिजे ते मला ठाऊक होतं आणि तिथं खुपत नव्हतं. माझ्यासारख्या दगडाला जे चांगलं वाटलं, ते चुकलेलंच असणार.

तू मोबाईल खाली ठेवलास. "सच बोल. तेरे कू चढेला लगता क्या?"

मी काय बोललो ते तुला आठवत असेल. मला शब्दनशब्द आठवतंय. "कालचं पोरगं तुला सूर शिकवून राहिलं का? एक अक्षर बदलू देऊ नकोस."

नुसतं नाही म्हणालो असतो तरी चाललं असतं. मी यासीनला मध्ये ओढलं.

का, ते मी स्वतःला पुष्कळ वेळा विचारलं. मराठीचा मास्तर आहे, 'कारणे द्या' हा प्रश्न मी पोरांना दरवर्षी घालतो. त्यामुळं कारणं मला भराभर सुचतात. तुझं ते तोंड बघितल्यावर धीर झाला नाही, हे एक. हो चढलाय म्हटलं असतं तर एका सुराचा प्रश्न नव्हता, तुझ्याकडं काहीच उरलं नसतं, हे दुसरं. तिसरं मी कुणाला सांगत नाही. तीस वर्षांनी तुला छान म्हणालो होतो, ते इतक्या लवकर परत घेणं मला माझ्यासाठीच जड गेलं. पेटीच्या वेळी मी खरं बोललो तेव्हा मार तुला बसणार होता. या वेळी थोडा मलाही बसला असता.

तू तिथंच निरोप पाठवलास: हात लावायचा नाही, जसंच्या तसं. मी स्कूटर काढून विष्णुपुरीला घरी आलो. सकाळी जाऊन सांगू असं ठरवलं होतं. सकाळी दहावीचे पेपर तपासायला होते. परवा जाऊ म्हणालो. परवा तू फोन करून कळवलंस की वादक बसले, ध्वनिमुद्रण झालं, यासीननं मुकाट्यानं तसंच वाजवलं.

पुढचं सगळं तुझ्याकडूनच कळत गेलं. दिग्दर्शकानं ऐकलं आणि सगळं संगीत बाजूला ठेवलं. दोन आठवडे कुणी तुझा फोन घेतला नाही. मग कळलं की चित्रपट आता यासीन करतोय. तू मला बोलावून घेतलंस आणि खोलीभर येरझारा घालत सांगितलंस. तुझा हिशेब अगदी सरळ होता. इथून गेला तेव्हा सूर बरोबर होता, दिग्यानं ऐकलाय, आणि दिग्या तोंडदेखलं बोलत नाही. तिकडं पोचला तेव्हा वाकडा झाला. मग मध्ये कोण होतं? ज्याला तो सूर नेमका कुठून वाकवायचा ते माहीत होतं, असा एकच माणूस. काम बळकावायचं होतं त्याला.

भाभी दारात उभ्या होत्या. त्यांनी यासीनला तोंड भरून शिव्याशाप दिले. कैरोच्या घरी त्याला वर्षानुवर्षं आपल्या हातची खिचडी-खट्टा खाऊ घातला होता त्यांनी. मी खुर्चीत बसून माझ्या चपलांकडं बघत होतो. तेव्हा तरी बोलायचं. तू म्हणालास, दिग्या, तू गप्प का? मी म्हणालो, काय बोलणार, जमाना तसाच आहे. जमान्यावर ढकललं. जमाना काही उलटून बोलत नाही.

त्यानंतर तू वर गेला नाहीस. वाद्यांवर भाभींनी जुन्या चादरी टाकल्या. मी यायचो तेव्हा तू खालच्या खोलीत टीव्हीचा आवाज बंद करून क्रिकेट बघत बसलेला असायचास. त्या सुरावरचं आपलं भांडणसुद्धा बंद झालं. मी एकदोनदा मुद्दाम काढून पाहिलं, बांध, म्हैस, सगळं. तू नुसतं 'हाव' म्हणून मान डोलावलीस. मी जिंकत होतो आणि मला ते नको होतं.

शेवटचं भेटलो तेव्हा उठताना तू माझं मनगट धरलंस. हळू विचारलंस, कमी ऐकू येणारी माणसं मोठ्यानं बोलतात तसं नव्हे. "वो दिन तेरे कू सच में अच्छा लगा था ना?"

मी म्हणालो, "खरंच चांगलं वाटलं होतं."

आणि बघ, हे खोटंही नव्हतं. मला चांगलंच वाटलं होतं. या आडोशाला मी अजून उभा आहे. तू मान हलवलीस आणि मनगट सोडलंस. त्याला तीन आठवडे झाले आणि एका सकाळी छातीत कळ आली. दवाखान्याच्या दारापर्यंतही तू पुरला नाहीस.

माती देऊन घरी आलो, अजून आंघोळ व्हायची होती, तेवढ्यात परदेशातला नंबर वाजला. मी उचलला. पलीकडून एक माणूस म्हणाला, "मास्टरजी, क्या हो गया जी उस्ताद कू?" मला वाटलं, इतवाऱ्यातलंच कुणीतरी कुवेतहून बोलतंय. तो यासीन होता. त्याला आपली भाषा तू शिकवलीस हे मला माहीत होतं, पण तू कुठली शिकवलीस याचा मी विचार केला नव्हता. कैरोच्या कुठल्याशा गल्लीतला माणूस नांदेडच्या बोलीत माझ्याशी रडत होता. म्हणाला, रिझवाननं दोनदा फोन कापला. भाभी बोलत नाहीत. पिक्चरला त्यानं आधी नाही म्हटलं होतं, मग घरी दोन लेकरं आहेत म्हणून घेतलं. आणि त्यातली बसची चावी ठेवण्याची जागा त्यानं रिकामी सोडली आहे. तिथं संगीतच नाही. उस्तादांची होती म्हणे ती जागा.

मग त्यानं विचारलं, "उस्ताद मेरे पे नाराज गए क्या?"

मी म्हणालो, आवाज येत नाही, नंतर बोलतो. आवाज स्वच्छ येत होता.

रऊफ, तू मला कान केलंस आणि मी तुला दगा दिला, एवढंच असतं तर मी ते माझ्या बरोबर घेऊन गेलो असतो, कुणाचं काय अडलं नसतं. पण तुझ्या घरात त्या माणसाचं नाव घेतलं तर अजून थुंकतात. रिझवान म्हणतो, अब्बाला त्यानं मारलं. तुझी एवढ्या वर्षांची कमाई म्हणजे ते संगीत आणि तो माणूस. संगीत कैरोत कुठंतरी राहील, माणूस मात्र माझ्यामुळं तुझ्या दारात उभा राहू शकत नाही. हे मी सांगितलं तर त्यांना तुझ्या कानाचंही सांगावं लागेल. भाभींना वाटेल, नवऱ्यानं परक्याला सांगितलं आणि मला नाही. उस्ताद सुराला बहिरा होता हे गावभर होईल. तू मला शपथ घातली होतीस, अहमदपूरला, बशीतला चहा निवत असताना. ती पाळू का मोडू, हे मला कोण सांगणार? तुला विचारायला हवं, आणि तू मातीखाली.

शिवाय भाभी इद्दतीत आहेत. चार महिने दहा दिवस त्या परक्या पुरुषासमोर येणार नाहीत. मी दोनदा तुझ्या गल्लीपर्यंत येऊन, हेच स्वतःला सांगून परत फिरलो. मग घरी येऊन हे लिहायला घेतलं.

लिहिलेलं मी आधी सुमनला वाचून दाखवतो, हे तुला ठाऊक आहे. ती मेथी निवडत बसली होती. वाचून झालं, मी चष्मा काढला. तिनं काड्या गोळा केल्या, उरलेली जुडी बाजूला ठेवली.

"यातलं किती भाभींनी ऐकलं?" ती म्हणाली. "रऊफभाऊंना आता काय ऐकू जाणार? भाभी पडद्याआड आहेत, बहिऱ्या नाहीत. बाहेरच्या खोलीत बसून सांगा, मी आत त्यांच्याजवळ बसते. शर्ट बदला."